मीटरच्या खोलीतला पंचनामा

उपनगरातल्या जुन्या इमारतींत जिन्याखाली मीटरची खोली असते. लाकडी फळीवर ओळीने बसवलेली मीटर, प्रत्येकाखाली ऑइलपेंटने लिहिलेला खोलीक्रमांक, कोपऱ्यात पाण्याच्या पंपाचे मीटर आणि दाराला बहुधा नुसती कडी. कुलूप असलेच तर किल्ली वॉचमनकडे. वीज कंपनीचे दक्षता पथक येते ते आधी इथे. सील पाहिले जाते, टाँग टेस्टरने तारेतला प्रवाह मोजला जातो, अॅक्युचेक लावून मीटर मंद चालते का हे तपासले जाते, फोटो निघतात आणि पंचनामा लिहिला जातो. ज्याच्या नावावर मीटर आहे तो त्या वेळी लोकलमध्ये नाहीतर कामावर असतो. कागदावर सही करते ती घरात असलेली आई, बायको किंवा भाडेकरू.

अंधेरी, बोरिवली, घाटकोपर, मुलुंड या पट्ट्यातली वीजचोरीची भांडणे पुढे वर्षानुवर्षे चालतात. पण त्यांचा निकाल बराचसा या तासाभरात लिहिलेल्या कागदावर लागून गेलेला असतो. पंचनाम्यात काय लिहिले, काय लिहायचे राहिले आणि त्यावरून कंपनीने कायद्याचे कोणते कलम लावले, यावर पुढचा सगळा रस्ता ठरतो. पोलीस ठाण्यात जायचे की गाऱ्हाणे मंचाकडे, वसुली तीन महिन्यांची की बारा महिन्यांची, दर एकपट की दुप्पट, सगळे त्यातून निघते. ग्राहकाच्या हातात यातले जवळपास काहीच नसते. या व्यवस्थेविषयी माझी तक्रार आहे ती हीच.

उपनगरांत कोण कोणाशी भांडतो हे आधी पाहू, कारण मुंबईचा वीजनकाशा सरळ नाही. कुलाब्यापासून माहीम-शीवपर्यंत बेस्ट. त्यापुढच्या बहुतेक उपनगरांत १९२९ साली स्थापन झालेली बॉम्बे सबर्बन इलेक्ट्रिक सप्लाय, म्हणजे जुन्या लोकांच्या तोंडची बीएसईएस. तीच पुढे रिलायन्सकडे गेली आणि ऑगस्ट २०१८ च्या अखेरीस अदाणी इलेक्ट्रिसिटी झाली. सुमारे चारशे चौरस किलोमीटरचा भाग आणि तीस लाखांच्या आसपास ग्राहक असा तिचा पसारा आहे. टाटा पॉवरला किरकोळ ग्राहकांना वीज विकता येईल असे सर्वोच्च न्यायालयाने जुलै २००८ मध्ये ठरवले आणि २००९ पासून तारा एका कंपनीच्या, बिल दुसरीचे असेही ग्राहक तयार झाले. मुलुंड आणि भांडुप मात्र महावितरणकडे. म्हणजे घाटकोपरचा माणूस खासगी कंपनीशी भांडतो आणि तिथून पाचव्या स्टेशनावरचा मुलुंडकर सरकारी कंपनीशी. कायदा दोघांना एकच, नियामक आयोगही एकच. मंच वेगळे, अधिकारी वेगळे आणि अनुभवही वेगळे.

वीज चोरता येते का, हा प्रश्न एकेकाळी खरोखरच न्यायालयापुढे होता. दंडसंहितेतली चोरी ही जंगम वस्तूची. वीज हलवून नेता येत नाही, हातात धरता येत नाही. म्हणून १९१० च्या भारतीय वीज कायद्यात कलम ३९ घालून विजेचा अप्रामाणिक उपसा हा चोरीच समजावा असे लिहावे लागले. हा गुन्हा मूळ दंडसंहितेतला नसून वीज कायद्याने निर्माण केलेला आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने अवतारसिंग विरुद्ध पंजाब राज्य या खटल्यात स्पष्ट केले.

त्या जुन्या कायद्यात एक चांगली सोय होती. मीटर बरोबर की चूक असा वाद झाला की तो विद्युत निरीक्षकाकडे जायचा. हा निरीक्षक सरकारचा, कंपनीचा नोकर नव्हे. १९८७ मध्ये मध्य प्रदेश विद्युत मंडळ विरुद्ध बसंतीबाई या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हेच ठासून सांगितले, की मीटरच्या अचूकतेचा निवाडा मंडळाने स्वतः करायचा नाही. मात्र मीटरशी छेडछाड झाल्याचा आरोप असेल तर तो वाद निरीक्षकाच्या कक्षेत येत नाही, असा अपवाद न्यायालयांच्या निकालांतून पुढे आला. २००३ चा नवा वीज कायदा आला तेव्हा ही निरीक्षकाची सोय तशीच्या तशी उतरली नाही. मीटर कंपनीचे, तपासणी कंपनीची, प्रयोगशाळा बहुधा कंपनीची, आणि दंडाचा आकडा काढणारा निर्धारण अधिकारीही, राज्य सरकारने नेमून दिलेला असला तरी, प्रत्यक्षात कंपनीचाच अभियंता. आजच्या सगळ्या भांडणांचे मूळ मला या रचनेत दिसते.

१० जून २००३ पासून लागू झालेल्या या कायद्यात दोन कलमे शेजारी-शेजारी चालतात: १२६ आणि १३५. पहिले विजेच्या अनधिकृत वापराचे, दुसरे चोरीचे. छेडछाड केलेले मीटर दोन्ही कलमांत आहे. मंजूर कामापेक्षा वेगळ्या कामासाठी वीज वापरणे हेही दोन्हीकडे आहे. फरक हेतूचा. १३५ साठी अप्रामाणिक हेतू लागतो, १२६ साठी लागत नाही. २०११ मध्ये ओडिशातल्या सीताराम राइस मिलच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ही रेघ आखून दिली. मंजूर भारापेक्षा जास्त वीज ओढली, त्यात लबाडी नसली तरी १२६ लागते, असा तो निकाल. २०१९ च्या ओरियन मेटल प्रकरणात न्यायालयाने पुढे म्हटले की प्रत्येक अनधिकृत वापर चोरी नसतो, पण प्रत्येक चोरी हा अनधिकृत वापर असतोच; त्यामुळे चोरीच्या प्रकरणातही १२६ खाली आकारणी होऊ शकते.

कागदावर हे तर्कशुद्ध आहे. पण हेतू ओळखायचा कोणी? पथकातल्या अभियंत्याने, जिन्याखाली, टॉर्चच्या उजेडात.

एकाच मंद मीटरचे काय काय होऊ शकते ते आकड्यांत पाहू. समजा, एका वन-रूम-किचनचे मीटर महिन्याला १२० युनिट दाखवते आणि तपासणीत ते ४० टक्के मंद निघाले. दर युनिटला आठ रुपये धरू. कंपनीने मीटर सदोष ठरवले, तर आयोगाच्या २००५ च्या पुरवठा संहितेपासून चालत आलेला नियम लागतो: चाचणीच्या निष्कर्षाप्रमाणे दुरुस्ती, तीही जास्तीत जास्त तीन महिन्यांची. खरा वापर २०० युनिट, फरक महिन्याला ८०, तीन महिन्यांचे २४० युनिट, रक्कम १,९२० रुपये. ग्राहक कुरकुरेल आणि भरेल.

त्याच मीटरच्या सीलवर ओरखडा दिसला आणि छेडछाड असा शेरा पडला, तर हिशेब वेगळ्याच सूत्राने सुरू होतो. भार गुणिले दिवस गुणिले तास गुणिले एक घटक, हे सूत्र देशभर वापरात आहे. घरात गीझर, फ्रिज, पंखे, टीव्ही मिळून तीन किलोवॉट भार, रोज आठ तास, घटक निम्मा: दिवसाला १२ युनिट. वर्षाचे ४,३८०. त्यातून बिलात आलेले १,४४० वजा केले की २,९४० युनिट. दर दुप्पट, म्हणून सोळा रुपये. बिल ४७,०४० रुपये, वर पोलिसांत तक्रार. गीझर दिवसातून वीस मिनिटे चालतो हे या सूत्राला कळत नाही. जोडलेल्या भारातली सगळ्यात मोठी वस्तूच सगळ्यात कमी वेळ वापरली जाते, आणि तरी तिच्यामुळेच आकडा फुगतो.

बारा महिने आणि दुप्पट दर हे आकडे मुळात इतके कडक नव्हते. २००३ च्या मूळ कलमात घरगुती वापरासाठी तीन महिन्यांचा अंदाज आणि दीडपट दर होता. जून २००७ पासून अमलात आलेल्या दुरुस्तीने तो दुप्पट केला आणि अनधिकृत वापराचा काळ ठरवता आला नाही तर मागचे बारा महिने धरावेत असे ठरले. अपिलासाठी आधी एक तृतीयांश रक्कम भरावी लागे, ती निम्मी झाली. चोरीचा गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र झाला. वीज कंपन्यांची गळती तेव्हा देशभर भयानक होती आणि संसदेला धाक बसवायचा होता, हे समजू शकते. पण मुंबईतल्या छोट्या ग्राहकाला ही दुरुस्ती फार जड गेली.

‘काळ ठरवता आला नाही तर’ या अटीकडे वकीलही पुरेसे लक्ष देत नाहीत, आणि बचावाची खरी जागा तिथेच आहे. जुन्या चकतीच्या मीटरला आठवण नव्हती. कुणी झाकणाच्या फटीतून फिल्मची पट्टी सरकवून चकती अडवली, तर ती कधीपासून अडवली हे सांगायला साक्षीदार नसायचा. आताची इलेक्ट्रॉनिक मीटर घटना नोंदवतात. झाकण कधी उघडले, चुंबक कधी आणले, न्यूट्रल कधी तुटली, प्रवाह कधी उलटा झाला, तारीख आणि वेळेसह सगळे आत राहते. हा तपशील उतरवून घेता येतो. कंपनीच्या भाषेत त्याला एमआरआय रिपोर्ट म्हणतात. पहिली नोंद दोन महिन्यांपूर्वीची असेल तर बारा महिन्यांचे बिल टिकायला नको. ग्राहकाने पहिल्या पत्रातच हा अहवाल मागायला हवा. बहुतेक जण आधी ओळखीचा लाइनमन शोधतात आणि मग नगरसेवक.

त्या नोंदीही डोळे झाकून वाचण्याजोग्या नसतात. जुन्या चाळींत आणि वाढवून बांधलेल्या इमारतींत दोन घरांची न्यूट्रल एकत्र केलेली असते, कारण चाळीस वर्षांपूर्वी वायरमनने तशी ओढली. फेज एका मीटरमधून आणि परतीचा प्रवाह दुसऱ्यातून गेला की मीटरला छेडछाडीसारखीच घटना दिसते. शिवाय तळमजल्यावरच्या मीटरची ओलीशी जुनी दोस्ती आहे. २६ जुलै २००५ च्या पुरात कित्येक इमारतींतली मीटर पाण्यात बुडाली होती. छेडछाड आणि बिघाड यांच्यातला फरक सांगायला मीटर उघडून पाहावे लागते. आत प्रवाह मोजणाऱ्या सीटीवर वेगळा रेझिस्टर जोडला आहे का, सर्किटमध्ये रिमोटवर चालणारी चिप बसवली आहे का, कारखान्यातले सील तोडून पुन्हा चिकटवले आहे का, हे उघडल्यावरच दिसते. आणि ते उघडायचे तर ग्राहकासमोर, त्याला तारीख कळवून, जप्तीच्या वेळी लावलेले सील शाबूत असताना.

याबाबत १९६५ चा एक निकाल मला आजही सर्वांत शहाणा वाटतो. जगन्नाथ सिंग विरुद्ध रामस्वामी. मीटरच्या झाकणावरचा एक स्टड काढलेला होता आणि भोक उघडे होते. त्यातून तार घालून चकती अडवता आली असती. सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की असे भोक हे मीटरला नीट नोंद करू न देण्याचे साधन आहे, त्याचा गुन्हा वेगळा. पण तेवढ्यावरून वीज चोरली असे गृहीत धरता येणार नाही. त्यासाठी मीटर प्रत्यक्षात कमी नोंदवत होते हे दाखवले पाहिजे, आणि ते दाखवायची सोपी रीत म्हणजे शेजारी दुसरे तपासणी मीटर बसवणे. हत्यार सापडणे आणि घाव बसणे यांतला हा फरक आहे. नुसत्या सीलच्या ओरखड्यावर वर्षभराचे दुप्पट बिल काढणाऱ्या प्रत्येक अधिकाऱ्याने तो निकाल वाचावा.

नव्या कायद्यात गृहीतक जास्त कडक आहे. वीज उपसण्याचे कृत्रिम किंवा अनधिकृत साधन तिथे होते हे सिद्ध झाले, की ग्राहकाने अप्रामाणिकपणे वीज घेतली असे समजायचे, जोवर तो उलट सिद्ध करत नाही. स्वतंत्र बंगल्यात हे पटते. सामाईक मीटर-खोलीत कसे पटावे? तिथे केबलवाला येतो, सोसायटीचा इलेक्ट्रिशियन येतो, रंगारी डबे ठेवतो. अंधेरीत तर निम्मे फ्लॅट लिव्ह अँड लायसन्सवर. मीटर मालकाच्या नावावर, राहणारी पोरे दर अकरा महिन्यांनी बदलणारी. मालक पुण्यात असतो आणि नोटीस त्याच्या नावाने निघते. फौजदारी खटल्यांत आरोपी सुटतात ते बव्हंशी अशाच ठिकाणी: त्या जागेचा ताबा कोणाकडे होता हे सिद्ध होत नाही, पंच दुसरेच काही सांगतात, जप्त मीटरच्या सीलचा क्रमांक पंचनाम्यात एक आणि प्रयोगशाळेच्या नोंदीत दुसरा. आरोपी सुटला म्हणून कंपनीचे पैसे परत मिळतातच असे नाही, कारण दिवाणी दायित्वाचा हिशेब वेगळा चालतो.

पैसे आधीच भरले गेलेले असतात, ही यातली सर्वांत दुखरी बाब. चोरी आढळली की कंपनी जागच्या जागी वीज तोडू शकते. तोडल्यापासून चोवीस तासांत पोलिसांत लेखी तक्रार करायची आणि ग्राहकाने आकारणीची रक्कम भरली की अठ्ठेचाळीस तासांत वीज जोडून द्यायची, असे कायदा सांगतो. ज्या घरात बारावीचा मुलगा आहे, आजारी आजी आहे, ते घर कायदेशीर बाजू तपासत बसत नाही. दागिने गहाण ठेवते आणि पैसे भरते. निषेध नोंदवून भरतो आहे, एवढे वाक्य पावतीसोबतच्या पत्रात लिहायचे असते हे कुणी सांगत नाही. मग कुणीतरी तडजोडीचा सल्ला देते. कलम १५२ प्रमाणे घरगुती वापरासाठी किलोवॉटला चार हजार, व्यापारासाठी दहा हजार, उद्योगासाठी वीस हजार भरले की फौजदारी खटला संपतो. पण ही तडजोड आयुष्यात एकदाच मिळते, आणि तिने चोरीचे बिल माफ होत नाही. हे दोन वेगळे पैसे आहेत हे कळेपर्यंत बरेच लोक दोन्ही भरून बसलेले असतात.

रात्रीच्या झडतीविषयी कायद्यात एक तरतूद आहे. सूर्यास्तानंतर सूर्योदयापर्यंत घरगुती जागेची झडती तिथे राहणाऱ्या प्रौढ पुरुषाच्या उपस्थितीशिवाय घेता येत नाही. हेतू बाईमाणसाच्या संरक्षणाचा. दिवसा मात्र घरातल्या कुणाचीही सही चालते, आणि दिवसा घरात बाईच असते. तिला पंचनाम्याची प्रत हातात मिळाली पाहिजे, जप्त वस्तूंची यादी मिळाली पाहिजे, तिच्या भाषेत वाचून दाखवली पाहिजे. एवढे झाले तरी निम्मे वाद कमी होतील असे मला वाटते.

आता दाद कुठे मागायची. कलम १२६ खाली आधी तात्पुरता आदेश येतो. त्यावर लेखी हरकत घ्यायची, सुनावणी मागायची. आदेश मिळाल्यापासून तीस दिवसांत अंतिम आदेश निघायला हवा. पुढे कलम १२७ चे अपील, तीस दिवसांत, निम्मी रक्कम भरून. महाराष्ट्रात हे अपील विद्युत निरीक्षकाकडे जाते, म्हणजे जुना तिऱ्हाईत माणूस परत भेटतो, पण निम्मे पैसे भरल्यावर. दिवाणी न्यायालयाचे दार कलम १४५ ने बंद आहे. ग्राहक न्यायालयाचे दार सर्वोच्च न्यायालयाने २०१३ च्या अनिस अहमद निकालाने बंद केले. कलम १३५ लागले तर विशेष न्यायालय, म्हणजे सत्र न्यायाधीश. उपनगरातल्या माणसाच्या वाट्याला दिंडोशीच्या फेऱ्या येतात. या न्यायालयाला शिक्षेबरोबर दिवाणी दायित्वही ठरवता येते, आणि भरलेली रक्कम त्याहून जास्त निघाली तर ती व्याजासह परत करायला लावता येते. ही परताव्याची तरतूद कायद्यात आहे हेच फार थोड्यांना ठाऊक असते.

या सगळ्यात स्वस्त आणि जवळचा मंच म्हणजे ग्राहक गाऱ्हाणे निवारण मंच. मुलुंडच्या महावितरण ग्राहकासाठी तो भांडुपला. त्याच्या वर विद्युत लोकपाल. वकील लागत नाही. पण आयोगाच्या नियमांप्रमाणे चोरीची आणि अनधिकृत वापराची प्रकरणे मंचाच्या कक्षेबाहेर. म्हणजे कंपनीने नोटिशीवर १२६ असा आकडा टाकला की मंच म्हणणार, आमच्याकडे नको? नियमातले शब्द नीट पाहावेत. प्रकरण त्या कलमांत मोडते असे मंचाला प्रथमदर्शनी वाटले पाहिजे, असे ते आहेत. कंपनीला वाटणे पुरेसे नाही. मंचाने कागद पाहून, हे सदोष मीटरचे प्रकरण आहे, याला १२६ कसे लावले, असे विचारायची मुभा आहे. जे मंच ती वापरतात तिथे ग्राहकाला न्याय मिळतो, जे वापरत नाहीत ते एका ओळीत तक्रार निकाली काढतात. या एका मुद्द्यावर सर्व मंचांची रीत सारखी करणे आयोगाला सहज शक्य आहे.

घरातल्या छोट्या धंद्यांची प्रकरणेही इथेच येतात. मुलुंडला दोन खोल्यांत शिवणकाम, बोरिवलीला हॉलमध्ये शिकवणी, घाटकोपरला फरसाणाची पाकिटे भरणे. मीटर घरगुती, वापर व्यापारी, म्हणून १२६. महावितरणच्या दर-आदेशांत यावर समंजस तोड आहे: घराच्या एका भागात व्यवसाय करणाऱ्याचा वापर महिन्याला ३०० आणि मागच्या आर्थिक वर्षात ३,६०० युनिटपर्यंत असेल तर घरगुती दरच लागतो. तरी नोटिसा निघतात. उलटही घडते; ग्राहकाने काही लपवलेले नसते, कंपनीनेच वर्गवारी चुकवलेली असते आणि मग मागची वसुली काढली जाते. अशी अचानक वर्गवारी बदलून मागच्या तारखेपासून वसुली करू नये, असा आयोगाचा ११ फेब्रुवारी २००३ चा आदेश आहे, आणि लोकपालांच्या निकालांत तो पुन्हा पुन्हा येतो. जुन्या थकबाकीसाठी कलम ५६(२) ची दोन वर्षांची मर्यादाही आहे. मुंबई उच्च न्यायालयाच्या मोठ्या खंडपीठाने मार्च २०१९ मध्ये ग्राहकाच्या बाजूने तिचा अर्थ लावला. सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी २०२० मध्ये रहमतुल्ला खान प्रकरणात म्हटले की चुकून राहिलेली रक्कम दोन वर्षांनंतरही मागता येईल, फक्त त्यासाठी वीज तोडता येणार नाही. वीज तुटण्याची भीती गेली की ग्राहक बरोबरीने बोलू शकतो, म्हणून हा फरक छोटा नाही.

चोरी होतच नाही असे मी म्हणत नाही. उपनगरांतली एकूण गळती एक आकडी टक्क्यांत आहे, देशाच्या मानाने फारच कमी. पण ही सरासरी आहे आणि काही पट्ट्यांत चित्र वेगळे आहे. कारखान्यात, बर्फाच्या गोडाउनात, हॉटेलात सरळ केबलवर टॅप मारून वीज घेणारे लोक आहेत आणि त्यांच्या चोरीचे पैसे प्रामाणिक बिल भरणाऱ्याच्या दरात मिसळतात. ती उघडकीला आणणारे अभियंते आणि लाइनमन मारही खातात. भिवंडीत २००७ च्या जानेवारीत वितरण टोरंट पॉवरकडे दिले गेले तेव्हा तिथली गळती पन्नास टक्क्यांच्या वर होती आणि ती खाली आणायला मीटर बदलणे, तारा बदलणे आणि कडक तपासणी हे सगळे करावे लागले. मोठ्या चोराला सोडा असे कोणी म्हणणार नाही. मोठा चोर मात्र चांगला वकील करतो, आकारणीवर स्थगिती आणतो. कलमाचा पूर्ण भार पडतो तो ज्याला स्थगिती म्हणजे काय हे माहीत नाही त्याच्यावर.

आणि तोही बहुतेक वेळा वस्तीतला. बोरिवली-दहिसरच्या तिवरांच्या कडेला, मालवणीत, असल्फाच्या डोंगरावर कागदपत्रांविना वाढलेल्या वस्त्यांत एका मीटरवरून दहा-वीस झोपड्यांना तार जाते. कुणीतरी लाइनवाला दिव्यामागे, पंख्यामागे ठरावीक पैसे महिन्याला घेतो. हे पैसे कित्येकदा कंपनीच्या घरगुती दरापेक्षा जास्त पडतात. म्हणजे ज्याला आपण चोर म्हणतो तो विजेचे पैसे भरतोच आहे, फक्त भलत्या माणसाला. एका मीटरवरून दुसऱ्या जागेला वीज देणे हाही २००७ पासून स्पष्टपणे अनधिकृत वापर आहे. नोटीस मात्र मीटर ज्याच्या नावावर आहे त्याला किंवा ज्याच्या घरात तार सापडली त्याला. लाइनवाल्याचे नाव पंचनाम्यात येत नाही. कलम १५० खाली चिथावणी देणारा आणि मदत करणाराही शिक्षेस पात्र आहे, ते कलम अशांसाठीच आहे, आणि तपास तिथपर्यंत न्यायचा असतो. पावसाळ्यात या उघड्या तारांचा शॉक लागून माणसे मरतात, हे वेगळेच.

वस्तीत अधिकृत मीटर का नाही, हा प्रश्न खटल्यात कुणी विचारत नाही. कायद्याच्या कलम ४३ मध्ये वीज मागण्याचा हक्क मालकाबरोबर रहिवाशालाही दिलेला आहे. मे २०२२ मध्ये दिलीप विरुद्ध सतीश या महाराष्ट्रातून गेलेल्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की वीज ही मूलभूत गरज आहे आणि मालकाने ना-हरकत दिली नाही म्हणून भाडेकरूला ती नाकारता येत नाही. जागेचा हक्क आणि विजेची जोडणी या दोन गोष्टी वेगळ्या ठेवल्या, मीटर दिले म्हणून झोपडी कायम होत नाही असे अर्जावर लिहून घेतले, तर वस्तीतल्या चोरीचा मोठा हिस्सा लाइनवाल्यासकट संपेल. कंपनीला ग्राहक मिळेल, सरकारला शुल्क मिळेल. हे होत नाही याला तांत्रिक कारण नाही. झोपडीला संरक्षण १ जानेवारी २००० पर्यंतचे की २०११ पर्यंतचे, या तारखांचे राजकारण विजेच्या खांबापर्यंत पोचले आहे.

आता स्मार्ट मीटर आली आहेत. ग्राहकांचा त्यांवर विश्वास नाही, आणि तो अविश्वास हवेतून आलेला नाही. २०१८ च्या अखेरीस उपनगरांत बिले एकाएकी चढली तेव्हा आयोगाला चौकशी समिती नेमावी लागली. टाळेबंदीनंतर जून २०२० ची बिले पाहून लोक पुन्हा रस्त्यावर आले. सामान्य घरगुती ग्राहकांना स्मार्ट प्रीपेड मीटर लावणार नाही, असे जून २०२४ मध्ये तेव्हाचे उपमुख्यमंत्री आणि ऊर्जामंत्री देवेंद्र फडणवीस यांना जाहीर करावे लागले. चोरीच्या वादांपुरते बोलायचे तर मला ही मीटर ग्राहकाच्याही कामाची वाटतात, कारण अर्ध्या-अर्ध्या तासाची नोंद असली की बारा महिन्यांचे आंधळे सूत्र लावायला जागा उरत नाही. अट एवढीच की ती नोंद ग्राहकाला मागताक्षणी मिळाली पाहिजे.

केंद्राच्या ग्राहक हक्क नियमांत फेब्रुवारी २०२४ मध्ये झालेली दुरुस्ती या दिशेने आहे. रीडिंग आपल्या वापराशी जुळत नाही अशी तक्रार ग्राहकाने केली तर पाच दिवसांत दुसरे मीटर बसवून किमान तीन महिने पडताळणी करायची. जगन्नाथ सिंग निकालातली तपासणी मीटरची रीत अठ्ठावन्न वर्षांनी नियमात आली. पण ती आली ग्राहकाच्या तक्रारीपुरती. कंपनीने ग्राहकावर आरोप केला तर तीच पडताळणी सक्तीची नाही. सीलवर ओरखडा आहे, तार तोडलेली नाही, बायपास सापडलेला नाही, अशा प्रकरणांत वीज न तोडता शेजारी दुसरे मीटर बसवावे, जप्त मीटर दोघांच्या सह्यांच्या पाकिटात घालून कंपनीबाहेरच्या मान्यताप्राप्त प्रयोगशाळेत पाठवावे, आणि तो अहवाल येईपर्यंत नोटिशीवर कलम लिहू नये. आयोगाला हे पुरवठा संहितेत एका दुरुस्तीने घालता येईल, आणि तपासणीचा खर्च हरणाऱ्याने द्यावा.